‘डीएलएल फाईल सापडली नाही’ ही एरर पुन्हा पुन्हा येत असेल तर

आधी लक्षणं सांगतो. तुमच्या मशीनवर यातलं नेमकं कोणतं दिसतंय ते ओळखा, कारण पुढचा रस्ता त्यावरच ठरतो.

सगळ्यात जास्त येणारं लक्षण असं. सॉफ्टवेअरच्या आयकॉनवर डबल क्लिक केलं की छोटी खिडकी उघडते आणि लिहून येतं, ‘द कोड एक्झिक्युशन कॅनॉट प्रोसीड बिकॉज व्हीसीरनटाइम१४० डॉट डीएलएल वॉज नॉट फाउंड’. फाईलचं नाव दर वेळी वेगळं असू शकतं: एमएसव्हीसीपी१४०, एमएसव्हीसीआर१२०, एमएफसी१४०यू, गेम असेल तर डी३डीएक्स९_४३. अर्थ एकच, सॉफ्टवेअरला हवी असलेली फाईल जागेवर नाही.

दुसरं लक्षण म्हणजे ‘द ॲप्लिकेशन वॉज अनेबल टु स्टार्ट करेक्टली’ आणि पुढे ०एक्ससी०००००७बी हा कोड. इथे फाईल आहे, पण चुकीच्या जातीची आहे. ३२ बिट हवी तिथे ६४ बिट किंवा त्याच्या उलट.

तिसऱ्यात ‘प्रोसिजर एंट्री पॉइंट’ सापडत नाही असा मजकूर येतो. फाईल आहे, जातही बरोबर आहे, पण आवृत्ती जुळत नाही. सॉफ्टवेअर जे काम मागतंय ते त्या फाईलमध्ये नाहीच.

चौथं फसवं आहे. क्लिक केलं की माऊसजवळचा गोल दोन सेकंद फिरतो आणि थांबतो, एररही येत नाही. अशा वेळी स्टार्टमध्ये ‘रिलायबिलिटी’ टाईप करून ‘व्ह्यू रिलायबिलिटी हिस्टरी’ उघडा. त्या तारखेच्या रकान्यात लाल फुली दिसली तर तिच्या तपशिलात पडलेल्या सॉफ्टवेअरचं आणि बऱ्याचदा फाईलचंही नाव मिळतं.

आणि पाचवं, ज्यासाठी मुख्यतः हे लिहायला घेतलं: एरर दुरुस्त होते, आठ-पंधरा दिवस सगळं सुरळीत चालतं आणि मग तीच एरर परत येते.

मी तालुक्याच्या गावात पीसी आणि लॅपटॉप दुरुस्त करतो. कर सल्लागारांची ऑफिसं, शाळा, टायपिंग क्लास, ऑनलाइन अर्ज भरून देणारी केंद्रं अशी गिऱ्हाइकं आहेत. हा एकच बिघाड मी इतक्या वेळा काढलाय की त्याचा क्रम हातात बसलाय. तो क्रम सांगण्याआधी या फाईली असतात काय ते थोडक्यात.

ही सामाईक भांडी आहेत

आपल्याकडे बऱ्याच गावांत देवळाची किंवा मंडळाची मोठी भांडी असतात. लग्नाचा भात शिजवायला प्रत्येक घर स्वतंत्र हंडा घेत नाही. कार्य असेल तेव्हा सामाईक भांडी आणायची, झालं की परत करायची. डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी, आणि तिचा व्यवहार हाच आहे. खिडकी काढणं, प्रिंट पाठवणं, अक्षरांची जुळवाजुळव करणं ही कामं प्रत्येक सॉफ्टवेअर स्वतः लिहून आणत नाही. ती सामाईक फाईलींमध्ये ठेवलेली असतात आणि सॉफ्टवेअर सुरू होताना विंडोज त्या जोडून देतं. १९८५ साली आलेल्या पहिल्या विंडोजपासून ही पद्धत आहे. तेव्हा मेमरी किलोबाइटमध्ये मोजायची, त्यामुळे एकच काम दहा ठिकाणी ठेवणं परवडण्यासारखं नव्हतं. आज मेमरी भरपूर आहे, पण दुसरा फायदा कायम आहे: सामाईक फाईलमधला एक दोष सुधारला की ती वापरणारी सगळी सॉफ्टवेअरं एकदम सुधारतात.

तोटाही त्यातच आहे. सामाईक भांडं हरवलं की अनेक घरांचं काम अडतं.

इंटरनेटवरून एकटी फाईल आणू नका

एरर आली की बहुतेक जण फाईलचं नाव सर्च करतात. वर येणाऱ्या साइटवर ‘डाउनलोड’चं मोठं बटण असतं आणि खाली सल्ला, की ही फाईल सिस्टम३२ मध्ये कॉपी करा. हे करू नका. हात जोडून सांगतो, कारण माझ्याकडे येणाऱ्या अवघड केसेसपैकी बऱ्याच इथूनच सुरू झालेल्या असतात.

एका हिशेबनीस ताईंचं मशीन महिन्याच्या २० तारखेला माझ्याकडे आलं. जीएसटीचं थ्री-बी रिटर्न भरण्याची शेवटची तारीख तीच, त्यामुळे त्यांचा जीव टांगणीला लागलेला. सकाळी ‘एमएसव्हीसीपी१४० सापडली नाही’ अशी एरर आली होती. भाच्याने फाईल डाउनलोड करून सिस्टम३२ मध्ये टाकली आणि एरर बदलून वर सांगितलेली ०एक्ससी०००००७बी झाली. मी सिस्टम३२ फोल्डर उघडलं आणि ‘डेट मॉडिफाइड’वर क्लिक करून नव्या फाईली वर आणल्या. पहिल्याच ओळीत ती होती, त्याच सकाळची. राईट क्लिक करून प्रॉपर्टीज पाहिल्या. खऱ्या एमएसव्हीसीपी१४० ला ‘डिजिटल सिग्नेचर्स’ नावाचा टॅब असतो आणि आत मायक्रोसॉफ्ट कॉर्पोरेशनचं नाव असतं. इथे तो टॅबच नव्हता. कोणी बनवली, आत काय भरलंय, कशाचाच पत्ता नाही. वर फाईल ३२ बिटची आणि टाकलेली ६४ बिटच्या फोल्डरमध्ये.

ती उडवली, मायक्रोसॉफ्टचा संच (त्याबद्दल तिसऱ्या तपासणीत सांगतो) बसवला, मशीन रिस्टार्ट केलं. दहा मिनिटांत सॉफ्टवेअर उघडलं आणि रिटर्न वेळेत गेलं. त्यानंतर त्या मशीनचा पूर्ण व्हायरस स्कॅन केला, कारण अनोळखी डीएलएल म्हणजे अनोळखी प्रोग्रामच. ती जोडली गेली की सॉफ्टवेअरला असलेले सगळे अधिकार तिला मिळतात. ज्या मशीनवर शंभर पक्षकारांचे पासवर्ड आहेत, तिथे हा धोका कुणी घेऊ नये.

गहाळ झालेली फाईल कुठल्या संचातली आहे ते शोधायचं आणि तो संच बसवायचा. पुढचं सगळं याच धोरणाने चालतं.

पहिली तपासणी: फुकटातली, दोन मिनिटांची

एररचा मोबाईलवर फोटो काढा. फाईलचं नाव अक्षर न् अक्षर लागतं. १२० आणि १४० मधल्या फरकाने सगळं उत्तर बदलतं.

मग मशीन ‘रिस्टार्ट’ करा. ‘शट डाउन’ करून परत चालू करणं वेगळं. फास्ट स्टार्टअप चालू असेल तर शट डाउन केल्यावर विंडोज पूर्ण बंद होत नाही, गाभा झोपवून ठेवतं. अपडेटने वापरात असलेल्या फाईली बदलण्याचं काम पुढच्या खऱ्या सुरुवातीसाठी राखून ठेवलेलं असतं, ते रिस्टार्टलाच पूर्ण होतं. अर्धवट अपडेटमुळे आलेली एरर एवढ्यानेच जाते.

तिसरी गोष्ट, सॉफ्टवेअर कुठून चालवताय ते पाहा. झिप फाईल उघडून तिच्या आतूनच डबल क्लिक केलं असेल तर शेजारच्या डीएलएल बाहेर आलेल्याच नसतात. आधी ‘एक्स्ट्रॅक्ट ऑल’ करा. तसंच कोणी मुख्य फाईल तेवढी डेस्कटॉपवर किंवा पेनड्राईव्हवर उचलून आणली असेल तर तिचं कुटुंब जुन्या फोल्डरमध्येच राहिलेलं असतं. विंडोज डीएलएल शोधताना साधारणपणे आधी सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये पाहतं, मग सिस्टमच्या फोल्डरमध्ये, आणि शेवटी ‘पाथ’ नावाच्या यादीतल्या फोल्डरांमध्ये. त्यामुळे फाईल हलवायची नाही, शॉर्टकट बनवायचा.

दुसरी: अँटिव्हायरसने उचलली का?

विंडोज सिक्युरिटी उघडा, ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’मध्ये जा आणि ‘प्रोटेक्शन हिस्टरी’ पाहा. दुसरा अँटिव्हायरस असेल तर त्याचं क्वारंटाइन पाहा. ज्या दिवशी एरर सुरू झाली त्या दिवशी काही अडकवलेलं दिसलं तर अर्धा शोध संपला.

आता ती फाईल परत आणायची का? सॉफ्टवेअर अधिकृत विकत घेतलेलं असेल आणि फाईल त्याच्याच फोल्डरमधली असेल, तर आधी विकणाऱ्याला फोन करा. लहान कंपन्यांच्या फाईलींवर डिजिटल स्वाक्षरी नसली की अँटिव्हायरस कधी कधी चुकीचा संशय घेतो. त्यांनी दुजोरा दिला तरच रिस्टोअर करा आणि त्या एका फाईलपुरती सूट द्या. अख्खा सी ड्राईव्ह सूट यादीत टाकलेली मशीन मी पाहिली आहेत, तसं करणं म्हणजे दाराला कुलूप लावून भिंत पाडणं.

सॉफ्टवेअर क्रॅक केलेलं असेल तर स्पष्टच सांगतो. क्रॅक म्हणजे बहुतेक वेळा परवाना तपासणारी डीएलएल काढून तिच्या जागी टाकलेली दुसरी डीएलएल. अँटिव्हायरस ती उचलतो, तुम्ही परत टाकता, तो परत उचलतो. ‘दर आठवड्याला एरर येते’ म्हणणाऱ्यांच्या मशीनवर हे चक्र फार वेळा सापडतं. यावर माझ्याकडे दुरुस्ती नाही. परवाना घ्या किंवा त्याच कामाचं मोफत सॉफ्टवेअर वापरा.

तिसरी: व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल

इथे जरा थांबू, कारण मी पाहिलेल्या एररपैकी निम्म्याहून जास्त इथेच संपल्या आहेत.

विंडोजची पुष्कळ सॉफ्टवेअरं मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ मध्ये बनतात आणि त्यांना चालताना त्याचा सामाईक संच लागतो. फाईलच्या नावातला आकडा त्या संचाची ओळख सांगतो. १०० असेल तर २०१० चा संच, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३. १३ हा क्रमांक मायक्रोसॉफ्टने वगळला. १४० असेल तर २०१५ पासून २०२२ पर्यंतच्या सगळ्यांसाठी मिळून एकच संच आहे, सर्वांत ताजा बसवला की आधीच्यांची गरज भागते. पण तो ताजा संच १२० किंवा १०० ची जागा घेत नाही. २०१३ वाल्याला २०१३ चाच लागतो.

डाउनलोड मायक्रोसॉफ्टच्या साइटवरूनच करा. एक्स८६ (म्हणजे ३२ बिट) आणि एक्स६४ (म्हणजे ६४ बिट) असे दोन प्रकार दिसतील. तुमचं विंडोज ६४ बिट असेल तर दोन्ही बसवा, दोन्ही मिळून ५० एमबीच्या आत आहेत. ‘माझं मशीन ६४ बिट आहे, मग एक्स८६ कशाला?’ हे मला रोज विचारलं जातं. संच सॉफ्टवेअरच्या जातीप्रमाणे लागतो, मशीनच्या नव्हे. विंडोज ११ फक्त ६४ बिटमध्येच येतं, तरी त्यावर चालणारी कित्येक हिशेबाची आणि मराठी टायपिंगची जुनी सॉफ्टवेअरं आजही ३२ बिटचीच आहेत.

याच ठिकाणी फोल्डरांच्या नावांनी भलेभले फसतात. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाईली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. नावं उलटी वाटतात, पण जुनी सॉफ्टवेअरं मोडू नयेत म्हणून सिस्टम३२ हे नाव तसंच ठेवलं गेलं. हाताने फाईल टाकणारा माणूस हमखास चुकतो तो इथे. इन्स्टॉलर चुकत नाही.

संच बसवण्याआधी कोणी टाकलेली उपरी फाईल असेल तर ती काढा. इन्स्टॉलर जागेवरच्या फाईलची आवृत्ती पाहतो आणि ती तेवढीच किंवा नवी दिसली तर तिला हात लावत नाही. ‘संच बसवला तरी एरर जात नाही’ याचं कारण अनेकदा हेच असतं. संच आधीच बसलेला असेल तर कंट्रोल पॅनलमधल्या ‘प्रोग्राम्स अँड फीचर्स’मध्ये त्याच्या नावावर ‘चेंज’ आणि मग ‘रिपेअर’ करा.

त्याच यादीत व्हिज्युअल सी++ च्या आठ-दहा नोंदी दिसतील. त्या डुप्लिकेट नाहीत. ‘एकच गोष्ट दहा वेळा कशाला’ म्हणून लोक साफसफाई करतात आणि महिनाभराने वर्षातून एकदाच उघडायचं सॉफ्टवेअर बंद पडलेलं सापडतं. एका शाळेत निकालपत्रकाचं सॉफ्टवेअर असंच एप्रिलमध्ये बंद पडलं, साफसफाई दिवाळीच्या सुट्टीत झाली होती. संबंध जोडायला मला अर्धा दिवस लागला. मशीन ‘फास्ट’ करून देणारी सफाईची सॉफ्टवेअरंही हेच करू शकतात. ती नकोतच.

फाईलचं नाव एपीआय-एमएस-विन-सीआरटी असं सुरू होत असेल तर मशीनवर बहुधा विंडोज ७ किंवा ८ आहे. विंडोज १० पासून हा भाग विंडोजमध्येच असतो. विंडोज ७ साठी केबी२९९९२२६ हे अपडेट आहे. मात्र त्या विंडोजचे सुरक्षा अपडेट १४ जानेवारी २०२० लाच बंद झाले, तेव्हा त्यावर बँकेचं काम करत असाल तर डीएलएलपेक्षा मोठी काळजी तिथे आहे.

चौथी: सॉफ्टवेअरच पुन्हा बसवा

गहाळ फाईलच्या नावात सॉफ्टवेअरचं किंवा कंपनीचं नाव असेल तर ती त्यांची स्वतःची फाईल आहे. मूळ इन्स्टॉलरने सॉफ्टवेअर पुन्हा बसवा. त्याआधी डेटाचं फोल्डर पेनड्राईव्हवर घ्या आणि परवान्याची की लिहून ठेवा. काही सॉफ्टवेअरं काढताना डेटाही पुसतात.

ई-टेंडर भरणाऱ्यांच्या डिजिटल स्वाक्षरीच्या टोकनलाही हेच लागू. टोकनसोबत येणारी डीएलएल आणि ती वापरणारं सॉफ्टवेअर एकाच जातीचं असावं लागतं. विंडोजला टोकन दिसतं आणि सही करताना मात्र सापडत नाही, असं झालं तर टोकनच्या सॉफ्टवेअरची ६४ बिट आवृत्ती बसवली आहे का ते पाहा.

जुन्या गेमसाठी डी३डीएक्स९ किंवा एक्सइनपुट१_३ मागितली तर मायक्रोसॉफ्टचा डायरेक्टएक्स एंड-यूझर रनटाइम बसवा. या फाईली विंडोज १० आणि ११ सोबत येत नाहीत. एमएफप्लॅट मागितली तर तुमचं विंडोज ‘एन’ आवृत्ती आहे का पाहा. ती युरोपसाठी काढलेली आवृत्ती आहे आणि तिच्यात ऑडिओ-व्हिडिओचा भाग नसतो. तिकडून आणलेल्या एखाद्या मशीनवर ती निघते. सेटिंग्जमधल्या ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक घेतला की झालं.

पाचवी: विंडोजच्या स्वतःच्या फाईली

इथपर्यंत काही झालं नाही आणि एकापेक्षा जास्त सॉफ्टवेअरं पडत असतील तर विंडोजच्या मूळ फाईली तपासा. कमांड प्रॉम्प्ट ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ करून उघडा. आधी डिस्म ही आज्ञा ऑनलाइन, क्लीनअप-इमेज आणि रिस्टोअरहेल्थ या तीन भागांसह, प्रत्येकाआधी जागा सोडून तिरकी रेघ देऊन चालवा. ती संपली की एसएफसी आणि पुढे तशीच तिरकी रेघ देऊन स्कॅननाऊ. क्रम याचसाठी, की एसएफसी ज्या साठ्यातून चांगली प्रत घेते तो साठाच डिस्म दुरुस्त करते. साठा खराब असेल तर एसएफसी तरी काय देणार? टक्केवारी मधेच अडकल्यासारखी वाटली तरी बंद करू नका. जुन्या हार्डडिस्कवर तासभर लागू शकतो.

एक गैरसमज इथे काढतो. एसएफसी फक्त विंडोजसोबत आलेल्या फाईली सांभाळते. एमएसव्हीसीपी१४० बाहेरून आलेल्या संचातली आहे, म्हणून एसएफसी दहा वेळा चालवली तरी ती परत येणार नाही. आणि रेगएसव्हीआर३२ ने डीएलएल ‘रजिस्टर’ करण्याचा सल्ला जिथे तिथे मिळतो, पण ती आज्ञा ठरावीक प्रकारच्या डीएलएलनाच लागते. वर सांगितलेल्या व्हिज्युअल सी++ च्या फाईलींवर चालवली तर ‘एंट्री पॉइंट सापडला नाही’ असं उत्तर येतं. त्या उत्तरावरून फाईल खराब आहे असा अर्थ काढू नका.

सहावी: डिस्क मरत चाललीय का?

दर वेळी वेगळी डीएलएल खराब होत असेल, मशीन संथ झालं असेल, फोल्डर उघडायला वेळ लागत असेल, तर मला पहिला संशय हार्डडिस्कचा किंवा एसएसडीचा येतो. फाईल साठवलेली जागाच बिघडत असेल तर तुम्ही संच बसवत राहाल आणि तो कुरतडला जात राहील. क्रिस्टलडिस्कइन्फो हे मोफत सॉफ्टवेअर डिस्कची तब्येत दाखवतं. तिथे ‘कॉशन’ किंवा ‘बॅड’ दिसलं तर काहीही दुरुस्त करायला जाऊ नका, आधी डेटा बाहेर काढा. अशा डिस्कवर चेकडिस्क ही विंडोजची डिस्क तपासणारी आज्ञा चालवणंही टाळा. तासन् तास वाचन-लेखन करून तो उरलासुरला जीवही घेऊ शकतो. डिस्क ठीक निघाली तर स्टार्टमध्ये ‘मेमरी डायग्नोस्टिक’ शोधून रॅम तपासा.

इथे थांबा आणि माणूस बोलवा

पुढचं घरी करू नये असं मला वाटतं.

डिस्क खराब दिसतेय आणि डेटाची दुसरी प्रत नाही: मशीन बंद करा आणि बंदच ठेवा. प्रत्येक नव्या सुरुवातीने डेटा परत मिळण्याची शक्यता कमी होते.

अनोळखी डीएलएल टाकल्यानंतर ब्राउझर आपोआप उघडतोय, अँटिव्हायरस स्वतःच बंद पडतोय: इंटरनेटची केबल काढा, वायफाय बंद करा. बँकेचे पासवर्ड दुसऱ्या मशीनवरून बदला.

एंट्री पॉइंटची एरर सगळे संच बसवूनही कायम आहे: पाथमधल्या कुठल्या तरी फोल्डरातून चुकीची प्रत उचलली जात असणार. ती प्रोसेस मॉनिटरने सापडते, पण त्याच्या हजारो ओळींतून नेमकी ओळ काढायला सवय लागते. रजिस्ट्री किंवा पाथ अंदाजाने बदलू नका.

ऑफिसचं मशीन सर्व्हरला जोडलेलं असेल तर तिसऱ्या तपासणीच्या पुढे स्वतः जाऊ नका, ज्यांच्याकडे ॲडमिनचा पासवर्ड आहे त्यांना सांगा.

कारागीर आला की त्याला चार गोष्टी द्या: एररचा फोटो, ती पहिल्यांदा आली ती तारीख, त्याच्या आगेमागे काय बसवलं किंवा काढलं, आणि तुम्ही स्वतः हाताने कुठली फाईल कुठे टाकली. शेवटची गोष्ट लोक संकोचाने लपवतात आणि त्या एका फाईलच्या शोधात दोन तास जातात. त्याने आल्या आल्या ‘फॉरमॅट मारतो’ म्हटलं तर आधी विचारा, कुठली डीएलएल आणि कुठल्या संचातली. तरीही फॉरमॅट करावंच लागलं तर डेस्कटॉप, डॉक्युमेंट्स, हिशेबाच्या सॉफ्टवेअरचं डेटा फोल्डर, ब्राउझरमधले पासवर्ड आणि बसवलेले मराठी फॉन्ट यांची प्रत बाहेरच्या डिस्कवर घेतल्याचं स्वतः उघडून पाहा, मगच त्याला पुढे जाऊ द्या.